चार खिंडींपलीकडचा काराकोरम

लडाखहून परतलेली बहुतेक मराठी माणसं 'हिमालय पाहून आलो' असं सांगतात. मनालीहून लेह आणि लेहहून नुब्रा या सुमारे सहाशे किलोमीटरांच्या रस्त्यावर हिमालयाची मुख्य रांग एकदाच ओलांडावी लागते, बारालाचा ला या खिंडीत. तिच्याआधी पीरपंजाल आडवा येतो. तिच्यानंतर झंस्कार, मग लडाखची स्वतःची रांग, आणि नुब्रा खोऱ्यात पोचल्यावर समोर थेट काराकोरम. इतक्या कमी अंतरात इतके निरनिराळे पर्वत एकामागून एक दाखवणारे रस्ते जगात फार थोडे असतील. मी अनेक वर्षं शाळेत भूगोल शिकवला. नकाशा भरताना मुलं या रांगा एकाखाली एक जाड रेघांनी काढायची, आणि एखादं चौकस पोर हमखास विचारायचं, की सर, इथे एक पर्वत संपून दुसरा सुरू झाला हे तिथे उभ्या असलेल्या माणसाला कसं कळतं? पुस्तकातलं उत्तर मी देत असे. प्रत्यक्ष जमिनीवर ती हद्द कशी दिसते, हे एकदा पाहायचंच असं मनात पक्कं होतं.

सोबत माझी भाची होती. ती भूशास्त्र शिकलेली. तिच्या पाठपिशवीत हातोडा, भिंग आणि सौम्य आम्लाची छोटी बाटली. गाडी चालवणारे गृहस्थ लाहौलचे, केलाँगजवळच्या गावातले. तो रस्ता त्यांना पाठ होता आणि कुठे थांबायचं यावर त्यांनी कधी कुरकुर केली नाही.

मनालीत जो तो विचारत होता, आता बोगदा झालाय तर रोहतांगवरून कशाला जाता? ३ ऑक्टोबर २०२० रोजी खुला झालेला अटल बोगदा ९.०२ किलोमीटर लांबीचा आहे आणि दहा-पंधरा मिनिटांत माणूस लाहौलमध्ये बाहेर पडतो. लाहौलच्या लोकांना त्याचं मोल विचारावं. पूर्वी रोहतांगवर बर्फ पडलं की वर्षाचे पाच-सहा महिने ते खोरं जगापासून तुटायचं. अडलेल्या बाळंतिणीला आणि आजारी माणसाला हेलिकॉप्टरची वाट पाहावी लागायची. आमचे चालक ते दिवस सांगताना गंभीर झाले होते. बोगदा झाला ते फार चांगलं झालं. पण ज्याला पीरपंजाल पाहायचा आहे त्याला पर्वताच्या पोटातून जाऊन काही हाती लागत नाही. आम्ही परवाना काढला आणि जुन्या रस्त्याने वर निघालो.

ऑगस्ट महिना मुद्दाम निवडला होता. या महिन्यात मान्सून कुलूच्या खोऱ्यात भरात असतो. मनाली सुटली तेव्हा पाऊस पडत होता, गुलाबापर्यंत देवदारांचे शेंडे ढगात बुडालेले, मढीच्या आसपास झाडं संपली तरी हिरवळ ओली आणि प्रत्येक घळीतून पाणी खळाळत रस्त्यावर येत होतं. ३,९७८ मीटर उंचीच्या रोहतांगच्या माथ्यावर ढग अंगावरून जात होते. तिथेच व्यास कुंड आहे. बियास नदी इथे उगम पावते आणि दक्षिणेकडे कुलूत उतरते. आम्ही पाचएकशे पावलं उत्तरेला चाललो आणि खाली वेगळंच खोरं उघडलं. तिकडचा प्रत्येक ओहोळ चंद्रा नदीकडे, म्हणजे पुढे चिनाबकडे निघालेला. पर्वतरांग ओळखायची पहिली खूण मला इथे मिळाली: माथ्यावर उभं राहून पाणी कुठे कुठे जातं ते बघावं. शिखरं दिशाभूल करतात, पाणी करत नाही.

उतरणीच्या पहिल्या काही वळणांतच ढग मागे राहिले. ग्रांफूला पोचेपर्यंत आकाश निळं झालं होतं आणि डोंगर उघडे पडले होते. मराठी माणसाला हा प्रकार परका नाही. महाबळेश्वरला वर्षाला सहा हजार मिलिमीटरांच्या आसपास पाऊस पडतो, आणि तिथून शंभरेक किलोमीटर पूर्वेला माणदेशात तो पाचशेवर येतो. घाटमाथा ढगांचं पाणी काढून घेतो आणि पलीकडची गावं चाऱ्याची चिंता करतात. पीरपंजाल तेच करतो. फरक एवढाच की त्याच्यामागे लेहपर्यंत आणखी दोन भिंती उभ्या आहेत आणि उरलंसुरलं बाष्प त्या एकेक करून अडवतात. लेहला पोचेपर्यंत वर्षाचा पाऊस जेमतेम शंभर मिलिमीटर उरतो. लडाखचं वाळवंट कुठल्या उष्ण वाऱ्यानं केलेलं नाही. या रांगांच्या क्रमानं ते घडवलं आहे, आणि ऑगस्टमध्ये रोहतांग चढून उतरलं की ते एका सकाळीत डोळ्यांनी बघता येतं. बोगद्यातून जाणाऱ्याला पाऊस आणि ऊन दोन्ही दिसतात, पण ते कुठे बदलतात ते दिसत नाही.

चंद्रेच्या काठाने सिस्सू, गोंधळा करत तांदीला आलो. इथे चंद्रा आणि भागा एकमेकींना मिळतात. दोघी बारालाचाच्याच परिसरात उगम पावतात. भागा सूरज तालातून निघून सरळ खाली येते. चंद्रा मात्र आधी आग्नेयेला जाते, मोठा वळसा घेते आणि मग पश्चिमेला वळून तांदी गाठते. चंद्राची मुलगी आणि सूर्याचा मुलगा पर्वताच्या दोन बाजूंनी निघाले आणि इथे येऊन भेटले, अशी कथा लाहौलात सांगतात. संगमानंतरचं नाव चंद्रभागा. पंढरीच्या वाळवंटात वाढलेल्या माझ्यासारख्याला ते नाव ऐकून हात जोडावेसे वाटले आणि मी ते जोडले. करड्या, दुधाळ पाण्यात चंद्रेचा वेग जास्त. भागेचं पाणी थोडं निवळ. दोन्ही रंग बरंच अंतर शेजारी शेजारी वाहतात. तांदीचा पेट्रोल पंपही प्रसिद्ध आहे. पुढचा पंप ३६५ किलोमीटरवर, असा फलक तिथे लावलेला. सगळ्या गाड्या तिथे टाकी काठोकाठ भरून घेतात.

केलाँगला मुक्काम केला. तिथली उंची तीन हजार मीटरांच्या थोडी वर आहे आणि पुढच्या टप्प्यासाठी शरीराला सवय व्हायला हवी असते. समोरच्या उतारावर करदंग गोंपा, खाली वाटाण्याची आणि फुलकोबीची शेतं. लाहौलात पाऊस कमी, म्हणून शेतं हिमनद्यांच्या पाण्यावर कुहलांनी, म्हणजे दगडमातीच्या पाटांनी, भिजवतात. बटाटा आणि वाटाणा हे इथलं पैशाचं पीक.

दारचा, पत्सेओ, झिंगझिंगबार. रस्ता भागेच्या काठाने चढत राहतो. झिंगझिंगबारच्या आसपास झारखंडहून आलेले मजूर दरडीचे दगड हातांनी उचलून बाजूला रचत होते. सीमा सडक संघटनेच्या या रस्त्यांवर दुमक्याकडची कितीतरी माणसं दर उन्हाळ्यात राबतात. चार हजार मीटरच्या वर, डांबराच्या धुरात, तोंडाला फडकं बांधून. आपण ज्या खिंडींचे फोटो काढतो त्या उघड्या राहतात त्या या माणसांच्या जिवावर, आणि हे लिहिल्याशिवाय या रस्त्याबद्दल काही लिहू नये असं मला वाटतं.

बारालाचा ला साधारण ४,८५० मीटरांवर आहे. अरुंद खिंड म्हणावी असं तिथे काही नाही. कित्येक किलोमीटर पसरलेला दगडगोट्यांचा उंच सपाट माथा आहे. याच माथ्यावरून पाणी तीन वाटांनी जातं. नैर्ऋत्येला भागा, आग्नेयेला चंद्रा आणि उत्तरेला युनाम. युनाम पुढे त्साराप नदीला मिळते, ते पाणी झंस्कारमधून सिंधूत जातं. चिनाबही पंजाबातून फिरून शेवटी सिंधूलाच मिळते. म्हणजे इथे शेजारी शेजारी वितळलेले बर्फाचे दोन थेंब हिमालयाच्या दोन बाजूंनी शेकडो किलोमीटर हिंडतात आणि पाकिस्तानात मिठानकोटजवळ पुन्हा एकत्र येऊन अरबी समुद्राकडे निघतात.

काही नकाशे आणि पुस्तकं बारालाचाला झंस्कार रांगेत टाकतात. बरड आणि हेडन यांनी १९०७-०८ मध्ये हिमालयाच्या भूगोलावर आणि भूशास्त्रावर मोठा ग्रंथ लिहिला, तेव्हापासून या रांगांची आखणी हा वादाचाच विषय आहे. मी पाण्याचा कौल मानतो. जिथे दक्षिणेकडचं खोरं आणि सिंधूकडे उतरणारं उत्तरेचं खोरं वेगळं होतं, ती मुख्य हिमालयाची कणा-रेषा. पश्चिमेला नून-कूनकडून येणारी आणि पुढे पूर्वेला जाणारी ती रेषा बारालाचावरून जाते. सिंधूच्या वळणावरच्या ८,१२६ मीटर उंचीच्या नंगा पर्वतापासून ब्रह्मपुत्रेच्या वळणावरच्या ७,७८२ मीटरांच्या नामचा बारवापर्यंत सुमारे २,४०० किलोमीटर पसरलेला हा पर्वत, आणि त्याची एक बरीच उतरती पाठ आम्ही चाकांवरून ओलांडत होतो.

'सर जी, अब यहाँ रुकना नहीं, पानी पियो,' चालक म्हणाले. माथ्यावर रेंगाळलं की डोकं धरतं. आम्ही सरचूला उतरलो.

सरचू ते पांग हा टप्पा लोक घाईने पार करतात आणि मीही त्यावर फार लिहिणार नाही. गाटा लूप्सची एकवीस वळणं, नाकी ला, मग पाच हजार मीटरच्या वरचा लाचुंग ला. पांगला पॅराशूटच्या कापडाचे गोल तंबू, आत भिंतीलगत गाद्या, मधोमध स्टोव्ह, आणि राजमा-चावल. एक गोष्ट मात्र सांगायला हवी. लाचुंग ला उतरताना भाचीने गाडी थांबवायला लावली. रस्त्याकडेला करड्या दगडाची ढासळलेली लादी होती. तिने तिच्यावर आम्लाचा थेंब टाकला, तो फसफसला. चुनखडी. मग तिने भिंग माझ्या हातात दिलं.

'मामा, इथे बघा. कडेला.'

नखाएवढ्या पांढऱ्या चापाकार रेघा. एकीत बारीक खाचाही स्पष्ट दिसत होत्या. शिंपल्यांचे तुकडे. हा सगळा झंस्कारचा प्रदेश टेथिस समुद्राच्या तळाशी साचलेल्या गाळाचा बनला आहे, हे मी वर्गात कितीतरी वेळा फळ्यावर लिहिलं होतं. पाच हजार मीटरांवर, धाप लागलेली असताना, भिंगाखाली समुद्राचा जीव बघणं वेगळं. लादी होती तिथेच ठेवली.

पांगच्या वर मोरे मैदान. जवळपास चाळीस किलोमीटर सपाट, ४,७०० मीटर उंचीवर. चांगपा या भटक्या पशुपालकांच्या शेळ्यांचे कळप दूर चरत होते; त्यांच्या लोकरीतली पश्मीना इथल्या थंडीनं पोसलेली असते. मैदानाच्या पूर्वेला त्सो मोरिरी सरोवराच्या भागात भूशास्त्रज्ञांना कोएसाइट नावाचं खनिज सापडलं आहे. ते तयार व्हायला जमिनीखाली सुमारे नव्वद किलोमीटर किंवा जास्त खोलीचा दाब लागतो. भारत आणि आशिया यांची टक्कर झाली तेव्हा भारताच्या भूखंडाची पुढची कड आशियाखाली इतकी खोल घुसली, आणि पुन्हा वर आली. भाची हे सांगत असताना मला त्या शांत मैदानाकडे बघून विश्वास ठेवणं जड जात होतं.

तांगलांग ला, ५,३२८ मीटर. इथे हवेचा दाब समुद्रसपाटीच्या जवळपास निम्मा. पायऱ्या चढल्यासारखं दोन पावलांत ऊर भरून येतं. ही झंस्कार रांगेची उत्तर कड. समोर रांगा, त्यांच्यामागे रांगा, आणि त्यांतली कुठली कुणाची हे नुसतं बघून सांगता येत नाही. त्याचं उत्तर रस्त्यावर खाली होतं, रुमत्से ते उपशी या वीस-तीस किलोमीटरांत, आणि या प्रवासातला माझ्यासाठी सर्वांत मोलाचा भाग तोच.

रुमत्से गावानंतर दरी एकाएकी रंगते. वांग्याच्या रंगाचा दगड, लगेच शेजारी शेवाळी हिरवा, मग पुन्हा जांभळा. थर आडवे नाहीत. जमिनीतून उभ्या पात्यांसारखे वर आलेले, काही ठिकाणी अगदी नव्वद अंशांत. त्यांच्यामधून घट्ट बसलेल्या गोट्यांचे पट्टे जातात. भाची एका पट्ट्यापाशी गुडघ्यावर बसली आणि मला बोलावलं. जांभळ्या मातीच्या दगडात लिंबाएवढे, नारळाएवढे गोल गोटे. काही करड्या चुनखडीचे, काही पांढुरक्या ग्रॅनाइटचे, त्यांत काळे ठिपके.

'हा ग्रॅनाइट लडाख रांगेचा,' ती म्हणाली, 'आणि हे चुनखडीचे झंस्कारकडचे. हात लावून बघा, मामा. दोन्ही बाजूंचा माल एकाच नदीनं आणून टाकलाय.'

दोन भूखंड एकमेकांना भिडले तो सांधा हाच. भूशास्त्रज्ञ त्याला सिंधू सांधापट्टा म्हणतात. त्याच्या दक्षिणेला भारत, उत्तरेला आशिया, आणि मधल्या टेथिस समुद्राचं जे काही उरलं ते इथे चेपून, मुडपून, उभं करून ठेवलेलं. पर्वत संपतो कुठे आणि दुसरा सुरू होतो कुठे, या शाळेतल्या प्रश्नाचं दुसरं आणि जास्त खोल उत्तर मला त्या गोट्यांत मिळालं. माथ्यावर पाणी बघावं, आणि खोऱ्यात दगड बघावा. माथ्यावरचा वाद कधी कधी मिटत नाही, पण या दरीत एका बाजूचा दगड समुद्राच्या गाळाचा आणि दुसऱ्या बाजूचा आगीतून आलेला आहे, यावर दुमत होऊ शकत नाही.

त्या आगीबद्दल थोडं सांगतो, कारण तिथे आपल्या सह्याद्रीचा संबंध येतो. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी महाराष्ट्रावर लाव्हाचे थरांवर थर पसरत होते. रायगडाचा, हरिश्चंद्रगडाचा, १,६४६ मीटरांच्या कळसूबाईचा काळा कातळ त्या वेळचा. भारत तेव्हा दक्षिण गोलार्धात होता, आज रियुनियन बेट आहे त्या टापूवरून सरकत होता, आणि वर्षाला पंधरा-सोळा सेंटीमीटरच्या घरात, म्हणजे भूखंडांच्या मानानं भयंकर वेगानं, उत्तरेला निघाला होता. मध्ये टेथिस. त्या समुद्राचा तळ उत्तरेकडच्या काठाखाली खचत होता, त्यामुळे तिथला खडक वितळत होता, आणि तो वितळलेला रस वर चढून भूगर्भातच थिजत होता. तोच लडाख रांगेचा ग्रॅनाइट. साधारण १० ते ५ कोटी वर्षांपूर्वीच्या काळात ती रांग घडत राहिली. म्हणजे सह्याद्रीचा काळा दगड आणि लडाखचा पांढुरका दगड एकाच युगातले, एका समुद्राच्या दोन काठांवरचे. हिमालय तेव्हा कुठेच नव्हता. टक्कर झाली ती पाचएक कोटी वर्षांपूर्वी, त्यानंतर तो उचलला गेला. वयानं सह्याद्रीचा कातळ थोरला आणि हिमालय धाकटा, हे मी मुलांना सांगायचो. लडाखची रांग सह्याद्रीच्या बरोबरीची, हे मला उपशीच्या दरीत उमगलं.

आज दक्षिण अमेरिकेच्या पश्चिम काठावर अँडीज पर्वत सुमारे ७,००० किलोमीटर पसरला आहे, आणि तिथे समुद्राचा तळ जमिनीखाली जाण्याचं काम अजून चालू आहे. लडाख रांग घडताना तशाच प्रकारची क्रिया इथे घडत होती. पुढे समुद्रच आटला, दोन भूखंड भिडले आणि ती क्रिया थांबली. टेथिस मिटत गेला तो फक्त इथे नाही. आल्प्स, तुर्कस्तानचे टॉरस, इराणचे झाग्रोस, हे सगळे त्याच मिटण्याच्या ओळीत उभे राहिले. जगाच्या नकाशावर युरोपापासून ब्रह्मदेशापर्यंत हात फिरवला तर ती ओळ बोटाला लागते. पर्वतांची नावं आणि उंची पाठ करण्यापेक्षा कुठला पर्वत कुठल्या कारणानं तिथे आहे हे एकदा लावून घेतलं, तर सगळा नकाशा आपोआप लक्षात राहतो. पुन्हा शिकवायची वेळ आली तर मी याच क्रमानं शिकवेन.

उपशीला सिंधू भेटली. फार रुंद नाही, पण ठाम वाहणारी. ती कैलासाच्या उत्तरेकडून निघते, या सांध्याच्या खोलगट भागातून वायव्येला जाते आणि नंगा पर्वताजवळ हिमालयाला कापून दक्षिणेला वळते. पर्वत उचलले जात असतानाही ज्या नद्यांनी आपली वाट सोडली नाही, त्यांतली ही एक. सतलज आणि ब्रह्मपुत्रा तशाच.

लेहमध्ये उंची अंगवळणी पडेपर्यंत थांबलो आणि मग खारदुंग ला चढलो. लेहच्या मागून सुरू होणारा तो घाट म्हणजे नुसता ग्रॅनाइट. गाडीएवढे गोल धोंडे, जवळून पाहिले तर पांढऱ्या, गुलाबीसर स्फटिकांत काळे कण विखुरलेले. बेसाल्टच्या काळ्या, ठिसूळ वाटणाऱ्या कड्यांवर वाढलेल्या माणसाला हा दगड उजेड फेकणारा वाटतो. खिंडीची उंची पूर्वी १८,३८० फूट लिहीत आणि जगातला सर्वांत उंच मोटाररस्ता म्हणून मिरवीत. मोजणीनं ती ५,३५९ मीटर ठरली आहे, आणि तेवढी पुरेशी आहे.

खारदुंग ला वरून के-टू दिसतो असं अनेक जण सांगतात. दिसत नाही, ते शिखर इथून सुमारे दोनशे किलोमीटर वायव्येला आहे. निरभ्र दिवशी उत्तरेला जे बर्फाचं टोक डोळ्यांत भरतं ते सासेर कांगरीच्या शिखरसमूहातलं, ७,६७२ मीटरांचं. आम्हाला ते ढगांच्या फटीतून दोनदा दिसलं, आणि तेवढ्या क्षणात मागच्या साऱ्या रांगा ठेंगण्या वाटल्या. काराकोरमच्या शिखरांची धार वेगळी आहे. ती उभी, टोकदार, आणि त्यांच्या पायथ्याशी दऱ्या इतक्या खोल की शिखर आणि नदी एकाच नजरेत मावत नाहीत.

के-टूचं नावही मोजणीतून आलं. १८५६ मध्ये सर्वेक्षण खात्याचा अधिकारी माँटगोमरी काश्मीरमधल्या हरमुख पर्वतावर चढला, दोनशेहून जास्त किलोमीटर दूर त्याला दोन ठळक शिखरं दिसली आणि काराकोरमचं आद्याक्षर घेऊन त्याने त्यांची नोंद के-वन आणि के-टू अशी केली. के-वन म्हणजे मशेरब्रुम; त्याला स्थानिक नाव होतं, ते राहिलं. ८,६११ मीटरांच्या दुसऱ्याला वस्तीतून बघणारं कुणी नव्हतं, म्हणून वहीतली खूणच नाव होऊन बसली. जगात आठ हजार मीटरांवरची शिखरं चौदा आहेत. त्यांतली दहा हिमालयात आणि चार काराकोरममध्ये. के-टूला हिमालयातलं शिखर म्हणणाऱ्यांना मी आता नकाशा काढून दाखवतो.

खारदुंग गाव सोडून श्योक नदीच्या पात्रात उतरलं की खोरं अचानक रुंद होतं. दिस्कितजवळ नुब्रा नदी श्योकला मिळते. नुब्रा येते ती सियाचीनमधून; ७६ किलोमीटरांची ती हिमनदी ध्रुवीय प्रदेश वगळता जगातल्या सर्वांत लांब हिमनद्यांपैकी आहे. १९८४ च्या एप्रिलपासून आपले सैनिक त्या बर्फावर उभे आहेत, आणि त्यांत महाराष्ट्रातल्या खेड्यापाड्यांतली मुलं कायम असतात. श्योकचं पाणीही पुढे बाल्टिस्तानात सिंधूलाच मिळतं. हिमालयाच्या दोन्ही बाजू, झंस्कार, लडाख, काराकोरम: या सगळ्यांचं पाणी ती एकटी घेऊन जाते.

सुमूरहून पानामिककडे जाताना उजव्या हाताचा उभा डोंगर सासेर भागाचा, डाव्या हाताचा सालतोरोचा, दोन्ही काराकोरमचे. मधलं हे सरळसोट खोरं नदीनं एकटीनं कोरलेलं नाही. काराकोरम भ्रंश नावाची शेकडो किलोमीटरांची भेग इथून जाते आणि तिच्या दोन्ही बाजूंची जमीन एकमेकींना घासत आडवी सरकते. पानामिकचे गरम पाण्याचे झरे त्या भेगेच्याच पट्ट्यात आहेत. आम्ही झऱ्याकाठी बसलो. दगडांवर पिवळट पांढरे थर साचलेले, पाण्याला गंधकाचा किंचित वास, आणि दोन आजीबाई पाय सोडून निवांत बसलेल्या. 'जुले' म्हटल्यावर त्यांनी सरकून आम्हाला जागा करून दिली.

हुंदरच्या वाळूत दोन मदारींचे उंट आहेत. पर्यटक त्यांच्यावर बसून फोटो काढतात. त्यांचे पूर्वज यारकंदच्या व्यापाऱ्यांबरोबर काराकोरम खिंड, सासेर ला आणि खारदुंग ला ओलांडून रेशीम, गालिचे, चरस घेऊन लेहला यायचे. विसाव्या शतकाच्या मध्याला सीमा बंद झाल्या, व्यापार थांबला आणि उंट इथेच राहिले. पर्वतांनी माणसाला कधी अडवलं नव्हतं. ५,५४० मीटरांची काराकोरम खिंड शेकडो वर्षं वाहती होती. तिच्या वाटेवर मेलेल्या जनावरांच्या हाडांवरून वाट ओळखत, असं जुन्या प्रवाशांनी लिहून ठेवलं आहे. ती बंद केली ती गेल्या शंभर वर्षांतल्या राजकारणानं, आणि याचं मला मनापासून दुःख होतं. त्या खिंडीपलीकडे कुनलुन आहे, त्याच्यापलीकडे तकलामकानचं वाळवंट, आणि वाळवंटाच्या उत्तर कडेला तिएनशान. पाचांनंतरचे दोन पर्वत पाहायला भारतीय माणसाला आता भलत्याच देशांतून वळसा घालून जावं लागतं.

परतीला आम्ही मनालीचा रस्ता घेतला नाही. लेहहून कारगिलमार्गे श्रीनगरला उतरलो. त्या बाजूनं झंस्कार रांग ४,१०८ मीटरांच्या फोटू लावर ओलांडली जाते, आणि मुख्य हिमालय ३,५२८ मीटरांच्या झोजी लावर. ज्यांना हे पर्वत त्यांच्या क्रमानं, पावसापासून वाळवंटापर्यंत, पाहायचे आहेत त्यांनी मनालीकडूनच जावं आणि शक्य असेल तर रोहतांग चढावा. वय झालेल्यांनी किंवा उंचीचा त्रास होणाऱ्यांनी मात्र श्रीनगरकडून सुरुवात करावी. तिथली चढण सावकाश आहे आणि पर्वत तेच आहेत, क्रम थोडा उलटासुलटा एवढंच. झोजी लाच्या खालून तेरा किलोमीटरहून लांब बोगद्याचं काम चालू आहे. तो झाला की द्रास-कारगिलच्या लोकांचा हिवाळा लाहौलसारखाच सुकर होईल. तोवर जाणाऱ्यांनी वर खिंडीत गाडी बाजूला घ्यावी आणि दोन्हीकडे बघून घ्यावं: द्रासच्या बाजूला झाड नाही, बालटालच्या बाजूला भूर्जांचं रान सुरू होतं.